बाओकपची पाटी

पाटीवर दोन ओळी लिहायच्या होत्या, एवढंच. त्याही कुणाची स्तुती किंवा निंदा करायला नव्हे; नुसता एका शब्दाचा अर्थ द्यायचा होता. एवढ्याशा कामापायी माणसाचे शेजारी, बायको, सून आणि स्वतःबद्दलचं चांगलं मत हे सगळं एका पंधरवड्यात हातचं जाईल, असं हनोईतल्या त्या जुन्या सरकारी वसाहतीत कुणी म्हटलं असतं, तर तोआन हसले असते. खरं म्हणजे तोआन सहसा हसत नसत. जन्मभर त्यांनी एका प्रकाशनगृहात मुद्रितं तपासली होती, आणि दुसऱ्यांच्या चुका शोधून पगार घेणाऱ्या माणसाला हसायला फारसा वाव मिळत नाही.

झालं असं, की वॉर्डाने 'आदर्श सांस्कृतिक वसाहत' अशी स्पर्धा जाहीर केली. रहिवासी गटाच्या प्रमुख थीनताई. त्यांनी ठरवलं की तळमजल्यावरची कोपऱ्यातली खोली, जिथे पूर्वी रेशनचं दुकान होतं आणि आता बेवारशी सायकली होत्या, ती झाडून-पुसून तिथे 'बाओकपच्या काळा'चं प्रदर्शन मांडायचं. बाओकप म्हणजे ते दिवस, जेव्हा तांदूळ, रॉकेल, कापड, मीठ, सायकलची ट्यूब, सगळं कुपनावर मिळायचं. किंवा मिळायचं नाही, पण कुपनावर. पुढे देशात बदल आला, त्या बदलाला 'दोई मोई' असं नाव मिळालं, बाजार उघडले, आणि त्याच्या आधीचं जे काही होतं त्याला सगळे बाओकप म्हणू लागले. आता तर लोक बाओकपच्या नावाने कॉफीची दुकानं काढतात आणि टवके उडालेल्या ताटलीत भात वाढून त्याचे जास्त पैसे घेतात.

"तोआनभाऊ, पाटी तुम्हीच लिहा," थीनताई म्हणाल्या. "तुमच्याइतकं शुद्ध या वसाहतीत कुणी लिहीत नाही."

हे खरं होतं. आणि खोट्या स्तुतीपासून सावध राहणारे तोआन खऱ्या स्तुतीला फार लवकर बळी पडत.

त्या सकाळी त्यांनी टेबल पुसलं, चहा केला, शेंगदाण्याच्या चिक्कीचा तुकडा शेजारी ठेवला आणि पहिला मसुदा लिहून स्वयंपाकघराच्या दारात उभं राहून वाचून दाखवला.

"ऐक. 'बाओकप : तो काळ, ज्यात जनतेच्या सर्व गरजा सरकार पुरवत असे.' कसं वाटतं?"

त्यांची बायको न्यान पाण्यातला पालक निवडत होती. "सर्व?" ती म्हणाली.

"म्हणजे साधारणपणे सर्व."

"आपल्या वूअंगच्या वेळी मला दिवस होते, तेव्हा एक अंडं खावंसं वाटलं होतं. ते आणून दिलं सरकारने?"

"अगं, ती गरज नव्हे. ती इच्छा झाली."

शब्दांमधला सूक्ष्म भेद दाखवून देण्याची ही वेळ नव्हती, हे तोआनना बोलल्यावर कळलं. न्यानने भाजी खाली ठेवली. न्यान हातातली भाजी सहसा खाली ठेवत नाही.

"लिहा मग," ती म्हणाली. "बाओकप म्हणजे पहाटे उठून रांगेत जायचं. आपल्या जागेवर वीट ठेवून पोराला पाजायला घरी यायचं. परत जावं तर कुणीतरी वीट मागे सरकवलेली. आणि नंबर लागला की ही तुमची थीनताई रेशनच्या गल्ल्यावरून म्हणायची, संपलं. ती माझ्याकडे बघायचीसुद्धा नाही हो! भिंतीकडे बघून म्हणायची."

"हे पाटीवर मावणार नाही."

"मावत नव्हतंच ते कशात."

तोआननी गुपचूप 'सर्व' हा शब्द खोडला.

दुपारी वरच्या मजल्यावरचे क्विन्ह आले. क्विन्ह हे पदार्थविज्ञानाचे निवृत्त प्राध्यापक, तोआनचे जुने मित्र, आणि जुने शत्रूही. शत्रुत्वाचं कारण एक डुकरीण. त्या काळात पगारावर कुणाचं भागत नसे, म्हणून अनेक विद्वानांनी घरात डुकरं पाळली होती. क्विन्हनी ती न्हाणीघरात पाळली. आणि त्यांचं न्हाणीघर तोआनच्या पलंगाच्या बरोब्बर वर येत होतं. तोआनच्या भिंतीवर तेव्हा जो ओघळ उतरला, तो पुढे अनेकदा रंग देऊनही दमट हवेत वर येतो, वासासकट. क्विन्हनी हा ओघळ आपल्या डुकरिणीचा आहे हे आजतागायत मान्य केलेलं नाही. ते त्याला 'केशाकर्षण' म्हणतात.

"अरे, काळाची व्याख्या करतोस आणि काळच लिहिला नाहीस," क्विन्ह कागद नाचवत म्हणाले. "सुरू कधी झाला, संपला कधी?"

"संपला दोई मोईला."

"कागदावर. त्यानंतरही माझ्या बायकोने कुपनं जपून ठेवली होती. माझ्यापुरता बाओकप संपला तो मी डुकरीण विकली त्या दिवशी. तसं लिही."

"पाटीवर तुमची डुकरीण घालू?"

"का नको? तिने माझ्या दोन्ही पोरींचं शिक्षण केलं. सरकारने पुरवलं, सरकारने पुरवलं म्हणून लिहितोस. पुरवलं कुणी? तिने."

एवढं बोलून त्यांनी कागद खाली ठेवला. ती विकायला नेली तेव्हा क्विन्ह जिन्यात उभे राहून रडले होते, आणि चुलीच्या धुराने डोळे झोंबतात असं म्हणाले होते. त्या दिवशी कुणाकडे चूल पेटली नव्हती, कारण रॉकेलच आलं नव्हतं. तोआनना हे आठवलं, पण शब्दार्थाच्या कामात भावना आणू नयेत म्हणून ते बोलले नाहीत.

"एक सांगा," त्यांनी विचारलं. "तेव्हा आपण त्या दिवसांना काय म्हणायचो?"

क्विन्हनी विचार केला. "काही नाही म्हणायचो. आज म्हणायचो."

तोआन जरा हादरलेच. ज्या शब्दाचा अर्थ लिहायला ते बसले होते, तो शब्द त्या काळात राहणाऱ्या एकाही माणसाने त्या काळासाठी वापरला नव्हता. सगळं संपल्यावर, सगळे बाहेर पडल्यावर, कुणीतरी मागे वळून दारावर नाव लावावं तसा तो होता. ही गोष्ट पाटीवर घालावी असं त्यांना फार वाटलं. पण तेवढ्यात थीनताई आल्या आणि पाटीची जागा त्यांनी व्यापली.

थीनताईंनी मसुदा उभ्यानेच वाचला. "दुकानातल्या माणसांबद्दल यात काहीच नाही," त्या म्हणाल्या. "लोकांना वाटतं आम्ही गल्ल्यावर बसून मजा मारत होतो. तांदळाचं पोतं उचलून उचलून माझी कंबर गेली, तोआनभाऊ. एक ओळ घाला."

"कसली?"

त्यांनी ती तयारच आणली होती. 'या कार्यात दुकानांतील कर्मचाऱ्यांनी निष्ठेने भाग घेतला.' त्या वेळी तोआनना या ओळीत व्याकरणाची चूक तेवढी शोधावीशी वाटली. ती सापडली नाही. आतून न्यानने भांडं आपटल्याचा आवाज आला, आणि ओळ राहिली.

मग तोआननी टंचाई, रांग आणि भूक यांचीही एक ओळ जोडली आणि मसुदा वॉर्डात गेला. तिथे सांस्कृतिक विभागात लुक नावाचा तरुण अधिकारी होता. दोई मोईनंतर बऱ्याच वर्षांनी जन्मलेला, गुळगुळीत, अत्यंत नम्र.

"काका, शब्दाला आमची हरकत नाही," तो म्हणाला. "फक्त अर्थ थोडा कमी करता येईल का?"

"अर्थ कमी?"

"म्हणजे 'टंचाई' नको. 'रांग' नको. 'भूक' तर नकोच. 'पुरवत असे'मध्ये सरकार पुरवत होतं की नव्हतं असा प्रश्न येतो. आपण नुसतं 'बदलापूर्वीचा काळ' म्हणू."

"हा अर्थ नव्हे बाळा, हा पत्ता झाला. 'पोस्टाच्या अलीकडचं घर' असं म्हटल्यावर घरात कोण राहतं ते कुठे कळतं?"

"पत्ता पुरतो, काका," लुक मनापासून म्हणाला. "घरात कोण राहतं ते कशाला?"

बऱ्याच घासाघिशीनंतर उरलं ते असं : 'बदलापूर्वीचा काळ, ज्यात गरजेच्या वस्तू दुकानांतून मापाने वाटल्या जात. या कार्यात दुकानांतील कर्मचाऱ्यांनी निष्ठेने भाग घेतला.' तोआननी सही केली. घरी येताना त्यांना वाटलं, आपण आयुष्यभर लोकांच्या लिखाणातली चूक काढत आलो. आज पहिल्यांदा त्यातलं खरं काढलं.

पण तोआनची कंबर अजून पूर्ण मोडायची होती.

रविवारी त्यांची सून थाओ आली. मुलगा वूअंग आणि ती शहराच्या पलीकडे, नव्या उंच इमारतीत राहतात. थाओने येताना मासे आणले, फ्रीज पुसला, सासूच्या गुडघ्याला मलम चोळलं. मग तिचा फोन वाजला आणि ती गॅलरीत गेली. तोआन आत शब्दकोशाची पानं उलटत होते.

"नाही गं, यंदा फिरायला जमणार नाही," थाओ मैत्रिणीला सांगत होती. "घराचे हप्ते आहेत, आणि दोन म्हातारी माणसं आमच्या बाओकपमध्ये आहेत. लाइट, औषधं, महिन्याचा तांदूळ, सगळं. करायलाच हवं ना!"

तोआनचे डोळे चमकले. हा प्रयोग कोशात नव्हता! मूळ शब्दात 'बाओ' म्हणजे सगळं अंगावर घेणं आणि 'कप' म्हणजे पुरवणं. काळ संपला, पण शब्दाने सरकारचा हात सोडून घराचा हात धरला. कमावणाऱ्याने न कमावणाऱ्याला पोसणं असा नवा अर्थ. आणि उदाहरण किती नेमकं! 'दोन म्हातारी माणसं आमच्या बाओकपमध्ये आहेत.' कोशाच्या समासात लिहून ठेवायला त्यांनी पेन्सिल उचलली. वाक्यातली दोन म्हातारी माणसं कोण, हे कळेपर्यंत पेन्सिल कागदाला लागलीसुद्धा होती.

थाओ गेल्यावर ते स्वयंपाकघरात आले.

"लाइटचं बिल कोण भरतं?"

"थाओ," न्यान म्हणाली.

"तांदूळ?"

"थाओ."

"आणि माझं पेन्शन?"

"ते आठ दिवसांत संपतं. चांगलं चालतं तोवर."

"मला कधी सांगितलं नाहीस."

"तुम्ही कधी विचारलं नाहीत." तिचा आवाज अजिबात चढला नव्हता, चढला असता तर तोआनना बरं वाटलं असतं. "तेव्हाही नाही विचारलंत. ताटात भात यायचा तो कुठून आला, मी कुणाच्या पाया पडले, अंगावरचं काय विकलं... काही नाही. शब्द तपासत बसायचात. तुमचा बाओकप कुठे संपला हो? आधी सरकारचा होता, मग माझा, आता थाओचा."

तोआननी त्या क्षणी जाहीर केलं की आजपासून या घरात फक्त त्यांच्या पेन्शनवर जेवण होईल. न्यान "बरं" म्हणाली. बायको भांडली तर माणसाला माघार घेता येते. "बरं" म्हणाली की संपलं. थाओचे मासे परत पाठवले गेले. संध्याकाळी ताटात पालक आला, उकडलेला. दुसऱ्या दिवशी पालक आला. तिसऱ्या दिवशी पालक उकडल्याचं पाणी आलं, त्यात लिंबू पिळलेलं. न्यान शांतपणे तेच खात होती, आणि अशा जेवणाचा तिला किती सराव आहे हे तोआनना पहिल्यांदाच दिसत होतं. ते दिसत होतं म्हणून घास आणखीच उतरत नव्हता.

अशा अवस्थेत, पोटात लिंबूपाणी आणि डोक्यात सून घेऊन, ते पाटीवाल्याकडे शेवटचं मुद्रित तपासायला गेले. पाटी पडद्यावर होती. तोआननी चष्मा पुसला आणि खालचा मजकूर अक्षर अक्षर करून वाचला. एक स्वल्पविराम हलवला. 'निष्ठेने' हा शब्द बघून सुस्कारा सोडला. वरचं भलं मोठं शीर्षक त्यांनी वाचलं नाही, पाहिलं. मोठ्या अक्षरांतली चूक डोळ्याला दिसत नाही, कारण तिथे चूक असेल असं डोळ्याला वाटतच नाही, हे ते स्वतः नवशिक्यांना शिकवत असत.

"छापा," ते म्हणाले.

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. व्हिएतनामी अक्षरांच्या डोक्यावर बारीक चिन्हं असतात आणि सगळा अर्थ त्यांच्यावर तोललेला असतो. 'कप' लिहिताना अक्षरावर टोपी लागते. ती टोपी उलटी पडली की तिची वाटी होते, उच्चार होतो 'काप', आणि काप म्हणजे चोरणं, लांबवणं. पाटीवाल्याने शीर्षकात टोपीच्या जागी वाटी लावली होती.

उद्घाटनाला सगळी वसाहत लोटली. शेजारच्या वसाहतीतली जुनी माणसंही आली. थीनताईंनी रेशन दुकानाचा तो जुना निळा कोट शोधून, धुऊन, इस्त्री करून घातला होता. गुंड्या लागत नव्हत्या तरी लावल्या होत्या. लुकने लहानसं भाषण केलं, टाळ्या झाल्या, आणि थीनताईंनी पाटीवरचं लाल कापड ओढलं.

क्विन्हना मोठ्याने वाचायची सवय. वर्गात शिकवून लागलेली.

"'बाओकाप,'" त्यांनी खणखणीत आवाजात वाचलं. म्हणजे सरसकट चोरी. "'बदलापूर्वीचा काळ, ज्यात गरजेच्या वस्तू दुकानांतून मापाने वाटल्या जात. या कार्यात... या कार्यात दुकानांतील कर्मचाऱ्यांनी निष्ठेने भाग घेतला!'"

 मग मागून एक म्हातारी ओरडली, "लिहिलं बाई कुणीतरी एकदाचं!" आणि खोली फुटली. माणसं एकमेकांच्या खांद्यावर डोकं टेकून हसत होती. क्विन्ह भिंतीला धरून उभे होते. पोरं फोटो काढत होती. लुकचा चेहरा इनॅमलच्या ताटलीसारखा पांढरा झाला होता आणि तो लाल कापड पुन्हा पाटीवर चढवायचा प्रयत्न करत होता.

तोआनना काही ऐकू येत नव्हतं. त्यांना फक्त ती वाटी दिसत होती. आयुष्यात सुटलेली पहिली चूक, आणि तीही हाताएवढ्या अक्षरात.

थीनताई हसल्या नाहीत, ओरडल्याही नाहीत. त्या निळ्या कोटात तोआनजवळ आल्या.

"थीनताई," तोआन घाईने म्हणाले, "हा मुद्रणदोष आहे. नुसतं चिन्ह उलटं..."

"मुद्रणदोष?" थीनताईंनी त्यांच्याकडे पाहिलं. "तुमच्या हातून? तोआनभाऊ, दुसऱ्या कुणी सांगितलं असतं तर मानलं असतं."

 जन्मभराचा शुद्धपणा त्यांच्याविरुद्ध साक्षीला उभा राहिला होता.

"वजनात मारायचे मी," त्या हळूच म्हणाल्या. "मूठभर. प्रत्येकाच्या मापातून नाही, कुणाकुणाच्या. माझीही पोरं होती घरी. भिंतीकडे बघून 'संपलं' म्हणायचे, कारण समोर बघवायचं नाही." त्यांनी कोटाची वरची गुंडी काढली. ती काढल्यावर त्यांना जरा श्वास घेता आला असावा. "तुमचा राग होता तर घरी येऊन बोलायचं होतं. मी ऐकून घेतलं असतं. असं सगळ्यांसमोर..."

"नाही हो, मी खरंच..."

पण त्या निघून गेल्या होत्या. कोपऱ्यात न्यान उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं. ती हसत असेल असं तोआनना वाटलं होतं. इतक्या वर्षांचा हिशेब आज आपोआप चुकता झाला होता. पण न्यान हसत नव्हती. ती थीनताईंच्या मागोमाग जिन्याकडे गेली आणि बराच वेळ परत आली नाही.

दुसऱ्या दिवशी वॉर्डाची माणसं पाटी काढून घेऊन गेली. वसाहत स्पर्धेतून बाद झाली. लुकने तोआनना न विचारता नवी पाटी लावली. तिच्यावर नुसतं 'बदलापूर्वीचा काळ' एवढंच होतं, आणि चिन्हं सगळी जागच्या जागी होती. क्विन्ह जिन्यात भेटले की तोआनची पाठ थोपटून म्हणत, "या वसाहतीत हिंमत एकट्याकडे आहे," आणि तोआनना भिंतीत शिरावंसं वाटे. ज्या चुकीबद्दल माणसाने मरावं, तिच्याबद्दल लोक त्याला शूर म्हणत होते. जिच्याकडे माफी मागावी, तिने माफी आधीच नाकारली होती. आणि जो अर्थ त्यांनी पंधरवडाभर शोधला, तो प्रत्येकाच्या घरात वेगळा होता आणि कुणाच्याही घरात चांगला नव्हता.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी ते टेबलाशी बसून राहिले. कोश बंद होता. स्वयंपाकघरातून वास आला. पालकाचा नव्हे, मासळीच्या रश्श्याचा, आल्याचा, नव्या तांदळाच्या वाफेचा.

"थाओ येऊन गेली?" त्यांनी विचारलं.

"हो."

"तिला काही बोललीस?"

"काय बोलायचं? तिला कळलं होतं, मासे परत आले तेव्हाच. रडली जरा. मग भात लावून गेली." न्यानने वाडगा त्यांच्यासमोर ठेवला. "थोडा रस्सा थीनकडे देऊन आले मी. दोन दिवस दार उघडत नव्हती."

"उघडलं?"

"मला उघडलं."

तोआन वाडग्याकडे बघत राहिले. हा भात नाकारायला लागणारी सगळी वाक्यं त्यांच्याकडे तयार होती, शुद्ध आणि बिनचूक. भूक मात्र फार लागली होती. त्यांनी जेवायच्या काड्या उचलल्या आणि मान खाली घालून खायला सुरुवात केली. भात उत्तम झाला होता. वाडगा रिकामा होत आला तेव्हा त्यांनी तो पुढे केला नाही. आता निदान मागायचं तरी नाही, एवढं एक त्यांनी मनाशी ठरवलं होतं.

मागायची वेळच आली नाही. न्यान वाढतच होती.